पानामागची लोकर

उसाच्या फडात तुम्ही कधी ना कधी शिरला असाल. निदान रस्त्याकडेच्या फडातले एखादे कांडे मोडून तरी खाल्लेच असेल! पुढच्या वेळी शिराल तेव्हा (मालकाला विचारून, बरे का) एक काम करा. डोक्याच्या उंचीवरचे एखादे हिरवे पान उलटे करा आणि त्याची मागची बाजू पाहा. बहुतेक वेळा तेथे काहीच नसेल. पण एखाद्या पानावर मधल्या शिरेच्या दोन्ही अंगांना पिंजलेला कापूस चिकटवल्यासारखा पांढरा थर दिसेल. बोट लावले तर तो पिठासारखा बोटाला लागेल, आणि त्याखाली टाचणीच्या डोक्याएवढे असंख्य जीव हळूच हलताना दिसतील. हाच लोकरी मावा.

मी भौतिकशास्त्र शिकवतो. किडींवर लिहिण्याचा याला अधिकार काय, असे तुमचे जीवशास्त्राचे सर विचारतील. अधिकार एवढाच, की या किडीने एकदा मला चांगलेच फसवले. आणि पुढे तिची माहिती काढता काढता लक्षात आले की तिची निम्मी गोष्ट आमच्याच विषयातली आहे.

ही कीड शास्त्रज्ञांना नवी नव्हती. जावा बेटावर उसाचा अभ्यास करणाऱ्या झेंटनर या शास्त्रज्ञाने १८९७ साली तिचे वर्णन करून ठेवले होते. तिचे शास्त्रीय नाव सेराटोवॅकुना लॅनिजेरा. यातील लॅनिजेरा या लॅटिन शब्दाचा अर्थच मुळी ‘लोकर वागवणारी’ असा आहे. भारतात बंगाल, आसाम, नागालँड या पूर्वेकडच्या प्रदेशांत ती पूर्वीपासून ठाऊक होती. महाराष्ट्राला मात्र तिचा खरा परिचय झाला तो २००२ च्या जुलैमध्ये, सांगली जिल्ह्यात. त्याच वर्षी पावसाळा संपता संपता ती उत्तर कर्नाटकात दिसली आणि पुढे पश्चिम महाराष्ट्राच्या ऊसपट्ट्यात झपाट्याने पसरली. त्यातच २००३ चा दुष्काळ आला. राज्याचे साखर उत्पादन २००२-०३ च्या हंगामात साठ लाख टनांच्या आसपास होते. ते २००४-०५ मध्ये पंचवीस लाख टनांच्याही आत आले. यात पाण्याच्या टंचाईचा वाटा किती आणि माव्याचा किती, हे साध्या वजाबाकीने सांगता येणार नाही. गावोगावी मात्र सगळा दोष त्या पांढऱ्या किडीच्याच माथी मारला जात होता.

त्या वर्षी मी एम.एस्सी.च्या वर्गात होतो. गणपतीच्या सुट्टीत कृष्णाकाठी मामांच्या गावी गेलो. मामांचा दीड एकर आडसाली ऊस पुरुषभर उंचीच्याही वर गेलेला, आणि त्याची खालची पाने काळवंडलेली. मामा म्हणाले, “तू एवढं सायन्स शिकतोस, बघ तरी हे काय आहे ते.” मी ऐटीत भिंग घेऊन फडात शिरलो. पान उलटले. पांढऱ्या थरात बारीक रेशमी जाळी होती, आणि त्या जाळीत अर्ध्या बोटाच्या पेराएवढी मळकट हिरवी अळी वळवळत होती. माझ्या आनंदाला पारावार उरला नाही. “मामा, ही बघा खरी चोर! ही मारा, म्हणजे सगळं थांबेल.”

मामांनी औषध आणले आणि पंप पाठीवर घेतला. उंच उसात पानाच्या मागे फवारायचे म्हणजे नळी डोक्याच्या वर धरावी लागते. फवारा वर जातो आणि त्यातला बराचसा फवारणाऱ्याच्याच अंगावर परत पडतो. संध्याकाळी मामांना उलट्या सुरू झाल्या. दोन दिवस ते अंथरुणावर होते. आठ-दहा दिवसांनी त्या हिरव्या अळ्या दिसेनाशा झाल्या, हे खरे. लोकर मात्र पहिल्यापेक्षा दाट झाली.

मी कोठे चुकलो ते पुढे सांगतो. आधी त्या लोकरीकडे पाहू.

अळवावरचे पाणी

ही लोकर म्हणजे केस नव्हेत. माव्याच्या पाठीवर सूक्ष्म ग्रंथी असतात. त्यांतून मेण पाझरते आणि बाहेर येताच त्याचे बारीक तंतू होतात. मेणबत्तीचे मेण आणि हे मेण रासायनिकदृष्ट्या एक नव्हेत, पण पाण्याशी दोघांचेही वाकडे! पाण्याचा थेंब स्वच्छ काचेवर पसरतो, मेणावर गोळा होऊन बसतो. थेंबाची कड जेथे पृष्ठभागाला टेकते तेथे पाण्याच्या आतून मोजलेल्या कोनाला स्पर्शकोन म्हणतात. स्वच्छ काचेवर हा कोन फारच लहान असतो, तर सपाट मेणावर सुमारे १०५ ते ११० अंश. आता हेच मेण सपाट नसून तंतूतंतूंचे असेल तर काय होईल? थेंब तंतूंच्या टोकांवरच टेकेल, मधल्या पोकळ्यांत हवा अडकून राहील, आणि स्पर्शकोन १५० अंशांच्याही पुढे जाऊ शकेल. असा थेंब पृष्ठभाग भिजवतच नाही. जरा कलले की गडगडत निघून जातो. ‘अळवावरचे पाणी’ असे आपण म्हणतो ना, त्यातले भौतिकशास्त्र नेमके हेच. अळूच्या पानावरही मेणाचे सूक्ष्म कण उभे असतात.

माव्याला ही कोरडी शाल का लागते, याचा एक छोटा हिशोब करू. एका माव्याचे वस्तुमान एक मिलिग्रॅम समजा. म्हणजे त्याचे वजन सुमारे ०.००००१ न्यूटन. पाण्याचा पृष्ठताण मीटरला ०.०७२ न्यूटन असतो. थेंबाने माव्याचे अंग भिजवले आणि भिजण्याची रेषा ५ मिलिमीटर लांबीची झाली, तर त्याला धरून ठेवणारे बल ०.०७२ × ०.००५ म्हणजे ०.०००३६ न्यूटन एवढे होऊ शकते. हे त्याच्या वजनाच्या ३६ पट झाले! आपण पावसात भिजलो तर कपडे जड होतात, एवढेच. मावा भिजला तर तो थेंबाच्या कैदेत पडतो. प्राणी जितका लहान, तितके वजन नगण्य आणि पृष्ठताण प्रबळ. हत्तीने पृष्ठताणाची पर्वा करू नये. माव्याने केलीच पाहिजे.

आणि पाऊस हा त्याचा एकमेव ओला शत्रू नव्हे. मोठा धोका त्याच्या स्वतःच्याच विष्ठेचा आहे. तो कसा, हे समजण्यासाठी त्याचे जेवण पाहावे लागेल.

पानांत तयार झालेली साखर झाडाच्या बाकीच्या भागांत नेणाऱ्या नलिकांना परिकाष्ठ म्हणतात. यांतला रस नुसता वाहत नाही, तो दाबाखाली असतो. हा दाब वातावरणाच्या दाबाच्या कित्येक पट, दहा पटींच्या आसपासही असू शकतो. मोटारीच्या चाकातली हवा वातावरणापेक्षा सुमारे दोन पटींनी जादा दाबाखाली असते. त्यावरून कल्पना करा. मावा केसापेक्षाही बारीक अशी सोंड या नलिकेत खुपसतो. मग त्याला फारसे चोखावेही लागत नाही, झाडच त्याला भरवते. १९५३ साली केनेडी आणि मिटलर या शास्त्रज्ञांनी खाणाऱ्या माव्याची सोंड कापली, तेव्हा झाडात राहिलेल्या तुकड्यातून रस आपोआप झिरपत राहिला. झाडाच्या परिकाष्ठातला शुद्ध रस मिळवण्याची ती एक सुरेख युक्तीच ठरली.

पण या रसात साखर उदंड आणि वाढीला लागणारी नत्रयुक्त द्रव्ये तुटपुंजी. पोटापुरते नत्र मिळवायचे तर मावा भरपूर रस घेतो आणि नको असलेली साखर मागल्या बाजूने टाकून देतो. शेतकरी याला चिकटा म्हणतात. एका पानामागे हजारो मावे दाटीवाटीने बसलेले, आणि प्रत्येक जण साखरेचा पाक टाकतो आहे. मेणाची लोकर नसती तर ही सारी वसाहत आपल्याच पाकात बुडून मेली असती. पॉप्लरच्या झाडावर गाठी करून त्यांत राहणारा एक मावा तर याहून हुशार आहे. त्याच्या चिकट्याच्या प्रत्येक थेंबावर मेणाची पूड बसते आणि थेंबाची कोरडी गोळी होते. पिले ती गोट्यांसारखी ढकलत गाठीच्या बाहेर टाकतात. केंब्रिजच्या संशोधकांनी २००२ साली या गोट्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला.

उसावर हा चिकटा खालच्या पानांच्या वरच्या बाजूवर पडतो, आणि त्यावर काळी बुरशी वाढते. हीच ती काजळी. मामांच्या उसाची खालची पाने काळी का झाली होती, ते आता कळले ना? बुरशी पानात शिरत नाही, पण प्रकाश अडवते. म्हणजे नुकसान दुहेरी: वरच्या पानातली तयार साखर पळवली जाते आणि खालच्या पानात नवी साखर बनायला ऊन पोचत नाही. म्हणूनच लांबून पाहताना आधी काळी पाने दिसतात. काळे पान दिसले की त्याच्या वरचे पान उलटावे. पांढरे सापडायचे ते तेथेच.

आता फवारणीचा विचार करा. औषध पाण्यातून जाते आणि पाणी लोकरीवरून गडगडते. द्रावणात साबणासारखा पदार्थ मिसळला तर पृष्ठताण ०.०७२ वरून निम्म्याच्याही खाली येतो आणि द्रव लोकरीत शिरू लागतो. पण तो पोचवायचा कोठे? बारा फुटी, एकमेकांत गुंतलेल्या उसाच्या पानांच्या मागल्या बाजूला! ज्याने पंप पाठीवर घेतला आहे त्यालाच हे विचारावे.

वीस गुणिले वीस

लोकरी माव्याच्या आपल्याकडे दिसणाऱ्या वसाहतीत सगळ्या माद्याच असतात. त्यांना नराची गरज लागत नाही आणि त्या अंडी न घालता थेट पिलांना जन्म देतात. हिशोबाच्या सोयीसाठी समजा, एका मादीची वीस पिले जगली. दुसऱ्या पिढीत ४००, तिसऱ्या पिढीत ८,०००, चौथीत १,६०,००० आणि पाचवीत ३२,००,०००. एका मादीपासून, पाच पिढ्यांत. बत्तीस लाखांवर फवारणी करून शेकडा नव्वद मारले तरी ३,२०,००० उरतात, आणि त्यांची पुढची पिढी पुन्हा चौसष्ट लाखांवर जाते.

आता दुसरी कल्पना करा. प्रत्येक पिढीत वीसपैकी अठरा पिले कोणीतरी खाऊन टाकतो आणि दोनच जगतात. पाचव्या पिढीत किती? २ × २ × २ × २ × २ म्हणजे ३२. मारण्याचे प्रमाण दोन्हीकडे तेच, शेकडा नव्वद. फरक एवढाच की पहिल्या हिशोबात ते एकदा घडले आणि दुसऱ्यात प्रत्येक पिढीत घडले. हा गुणाकार वर्गात फळ्यावर जरूर करून पाहा. खाणारा जागेवर हजर असणे किती मोलाचे, ते आकड्यांतच दिसते.

हे खाणारे कोण, ते सांगण्याआधी माव्याची आणखी एक खोड सांगितलीच पाहिजे, कारण ती मला स्वतःला फार आवडते. इतका मऊ, मंद प्राणी लढत असेल असे तुम्हाला वाटणार नाही. पण जपानचे शिगेयुकी आओकी यांनी १९७७ साली माव्यांतही सैनिक असतात हे दाखवून दिले, आणि १९८४ साली त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी उसाच्या लोकरी माव्याविषयीच लिहिले. याच्या नवजात पिलांच्या डोक्यावर दोन बारीक शिंगे असतात. शत्रू आला की ती त्याला पुढच्या पायांनी मिठी मारतात आणि शिंगे खुपसतात. संकट आल्याची वर्दी शेजाऱ्यांना वासाने मिळते. तो वासाचा पदार्थ माव्याच्या पाठीवरील सूक्ष्म नळ्यांतून बाहेर पडतो.

तेव्हा या वसाहतीत शिरून राहायचे तर शत्रूही तयारीचा हवा. असा एक शत्रू म्हणजे डिफा एफिडिव्होरा नावाच्या लहानशा पतंगाची अळी. ती लोकरीतच रेशमी जाळी विणते, जाळीच्या आडोशाने पुढे सरकते आणि आजूबाजूचे मावे फस्त करत जाते.

रेशमी जाळी, मळकट हिरवी अळी. ओळखलेत? होय, मी मामांना ‘चोर’ म्हणून दाखवला तो फडातला राखणदार होता. औषधाने तोच आधी मेला. लोकरीखालचे मावे बरेचसे वाचले, आणि आता त्यांना खाणारे कोणी उरले नाही. बांधापलीकडच्या आप्पांनी फवारणी केली नव्हती. ते काही शास्त्र जाणत होते म्हणून नव्हे, तर त्या महिन्यात त्यांच्या हाती पैसे नव्हते म्हणून. दिवाळीला मी पुन्हा गेलो तेव्हा त्यांच्या पानांमागे लोकरीच्या रिकाम्या चिंध्या लोंबत होत्या आणि खाली पांढरे कोश चिकटलेले होते. एका फडाच्या तुलनेवरून नियम सिद्ध होत नाही, हे तुम्हाला मी प्रयोगशाळेत नेहमीच सांगेन. पण त्या दिवशी मान खाली घालायला एवढा पुरावा पुरेसा होता. ती अळी कोणती हे मला एका कृषी सहायकांनी हसत हसत सांगितले. मामा काहीच बोलले नाहीत, याचेच जास्त वाईट वाटले.

डिफाखेरीज आणखीही मदतनीस आहेत. मायक्रोमस इगोरोटस हा तपकिरी, जाळीदार पंखांचा चिमुकला कीटक. त्याची अळी दोन्ही टोकांना निमुळती असते आणि विळ्यासारख्या जबड्यांनी माव्याला धरून शोषून घेते. सिरफिड माशी फुलांजवळ हवेत एका जागी तरंगताना तुम्ही पाहिली असेल. तिच्या पाय नसलेल्या अळ्याही मावा खातात. ढालकिडे तर सर्वांच्या ओळखीचे. एन्कार्शिया फ्लॅव्होस्क्युटेलम ही मिलिमीटरभरही नसलेली गांधीलमाशीची नातेवाईक माव्याच्या शरीरातच अंडी घालते. ती ईशान्य भारतातून मुद्दाम आणून दक्षिणेकडच्या उसात सोडण्यात आली आणि येथे रुजली. पुण्याजवळच्या मांजरी येथील वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूट, कोइमतूरची ऊस पैदास संस्था आणि बंगळूरची जैविक कीड नियंत्रणाची संस्था यांनी या कामात मोठा भाग घेतला. डिफा वाढवण्याची रीत मोठी मजेची आहे. जाळीच्या मांडवाखाली ऊस लावायचा, त्यावर आधी मुद्दाम मावा वाढू द्यायचा आणि मग त्या माव्यावर डिफाच्या अळ्या पोसायच्या. शत्रूची पैदास करायची तर आधी त्याच्या भक्ष्याची करावी लागते!

पांढरे ते सगळे मावा नव्हे

किडीच्या बंदोबस्तात पहिली पायरी ओळखीची. ती चुकली तर पुढचे सगळे चुकते, हे मी तुम्हाला स्वतःच्या खर्चाने, खरे म्हणजे मामांच्या खर्चाने, सांगतो आहे. उसावर पांढरे काही दिसले तर ते नेमके कोठे आहे हे आधी पाहा. हिरव्या पानाच्या मागे, मधल्या शिरेलगत, लोकरीसारखे असेल आणि खालच्या पानावर चिकटा असेल तर तो लोकरी मावा. कांड्याला लपेटलेला पानाचा भाग सोलल्यावर पेराजवळ पांढऱ्या पिठात गुलाबी, चपटे, लंबगोल जीव दिसले तर तो पिठ्या ढेकूण. पानावर रांगेने चिकटलेले काळे लंबगोल ठिपके आणि त्यांवर पांढरी किनार असेल तर ती पांढऱ्या माशीची बाल्यावस्था. तुमच्या अंगणातल्या जास्वंदीच्या शेंड्यावर जो कापूस दिसतो तोही बहुधा पिठ्या ढेकूणच असतो, मावा नव्हे.

हा घोटाळा केवळ आपल्याकडेच होतो असे नाही. युरोप-अमेरिकेत बीच नावाचा मोठा, गुळगुळीत सालीचा वृक्ष असतो. त्यावर तीन निरनिराळ्या पांढऱ्या किडी आढळतात. युरोपात वसंत ऋतूत बीचच्या कोवळ्या पानांमागे लोकर दिसते, ती फायलॅफिस फॅगी या माव्याची. अमेरिकेत फांद्यांवर जी लोकर दिसते ती दुसऱ्या एका माव्याची; फांदी हलवली की त्या वसाहतीतले सगळे मावे एकदम शेपटाकडची बाजू वर करून डोलू लागतात, जणू लेझीमच चालली आहे! मोठ्या झाडाला या दोन्ही माव्यांपासून सहसा फारसा धोका नसतो आणि बहुधा काहीही न करणे हाच तेथे योग्य उपाय असतो. पण पांढरा थर बुंध्याच्या सालीवर असेल तर ती असते खवले कीड. ती युरोपातून १८९० च्या सुमारास कॅनडाच्या नोव्हा स्कोशियात पोचली. तिने केलेल्या बारीक छिद्रांतून बुरशी शिरते आणि त्या रोगाने उत्तर अमेरिकेतले असंख्य बीच वृक्ष मेले. झाड तेच, रंग तोच. एका ठिकाणी स्वस्थ बसायचे आणि दुसऱ्या ठिकाणी धावपळ करायची, हे ठरते ते पांढरे पानावर आहे की सालीवर एवढ्याशा निरीक्षणावरून.

उसाची गोष्ट या दोहोंच्या मधली. येथे अगदी स्वस्थही बसता येत नाही, कारण पीक दीड वर्षाचे आणि घरचा खर्च त्यावर. हवा ढगाळ आणि दमट झाली की दर आठवड्याला फडाच्या चारही बाजूंनी आणि थोडे आतही जाऊन पाने उलटून पाहावीत. सुरुवातीला लोकर चार-दोन पानांवरच असते. ती पाने हलक्या हाताने कापून जागेवरच नष्ट करावीत. मात्र कापण्यापूर्वी भिंगातून पाहावे, त्यात जाळीतली अळी किंवा कोश असेल तर पान तसेच राहू द्यावे. कीड असलेल्या फडातले वाढे जनावरांसाठी दुसऱ्या गावी नेऊ नयेत, कारण मावा गाडीत बसून फुकट प्रवास करतो. बेणेही निर्मळ फडातलेच घ्यावे. युरिया भरमसाट दिला की पाने लुसलुशीत होतात आणि माव्याचे फावते. पट्टा पद्धतीने लावलेल्या उसात वारा खेळतो, माणसालाही शिरून पाहता येते. माझ्या मते दुसरा फायदा पहिल्याहून मोठा. मदतनीस कीटक कमी असतील तर ते बाहेरून आणून सोडता येतात. हेक्टरी डिफाच्या सुमारे १,००० किंवा मायक्रोमसच्या सुमारे २,५०० अळ्या, अशी शिफारस आहे. त्या सोडल्यावर रासायनिक फवारणी करायची नाही, हे ओघानेच आले. मदतनीस मुळीच नाहीत आणि लोकर पसरतच चालली आहे, अशी वेळ आलीच तर औषध कोणते आणि किती हे कृषी अधिकाऱ्यांना विचारूनच ठरवावे आणि ते लागण झालेल्या भागापुरतेच वापरावे. तोंडावर फडके, अंगात पूर्ण बाह्यांचे कपडे, वाऱ्याकडे पाठ. तुम्ही विद्यार्थ्यांनी पंपाला हात लावायचा नाही.

आता शिक्षकांसाठी दोन सोपे प्रयोग. भौतिकशास्त्राच्या प्रयोगशाळेत कुंटच्या नळीसाठी आणलेली लायकोपोडियमची पूड बहुधा असते. बशीत थोडी पूड पसरा आणि ड्रॉपरने तीवर पाण्याचा एक थेंब सोडून बशी फिरवा. थेंबावर पुडीचे आवरण चढून त्याची गोटी होईल. ती कागदावर गडगडेल आणि कागद भिजणार नाही. (ही पूड भडकन पेटते, तेव्हा जवळपास ज्योत नको.) पूड नसेल तर काच मेणबत्तीवर धरून काजळी धरू द्या, काच थंड झाल्यावर तीवर थेंब सोडा. मग दुसरा थेंब साबणाच्या पाण्याचा सोडा आणि दोन्ही बाजूने पाहून त्यांची चित्रे काढा.

दुसरा प्रयोग घराबाहेरचा. शहरातल्या मुलांना ऊस मिळणार नाही, पण रुई कोठेही मिळते. तिच्या कोवळ्या शेंड्यांवर पिवळाधमक मावा असतो, बिनलोकरीचा. त्याचे पाय काळे असतात. एका शेंड्याला दोरा बांधून खूण करा आणि दर दोन दिवसांनी त्यावरचे मावे मोजा. रुईचा चीक डोळ्यांत जाऊ देऊ नका. शेंडा तोडायचा नाही, नुसता पाहायचा. आडव्या अक्षावर दिवस आणि उभ्या अक्षावर माव्यांची संख्या घेऊन आलेख काढा. ज्या दिवशी पहिला ढालकिडा, सिरफिडची अळी किंवा फुगून तपकिरी झालेला मेलेला मावा दिसेल, त्या दिवसावर लाल खूण करा. लाल खुणेपूर्वीचा आणि नंतरचा आलेख एकाच कागदावर आला पाहिजे, तेव्हा मोजणी किमान तीन आठवडे चालू ठेवा.